के. आर. नारायणन : राजदूत, कुलगुरू, मंत्री. खान्देशातल्या विद्यार्थ्यांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जळगाव, धुळे, नंदुरबारकडच्या अभ्यासिकांमध्ये स्पर्धा परीक्षेची मुलं बसतात, त्यांच्यापैकी कुणाला तरी मुलाखतीच्या तयारीत 'आदर्श व्यक्तिमत्त्व' म्हणून नारायणन सुचतात. मग प्रश्न सुरू होतात. तेच तेच प्रश्न पुन्हा येतात, म्हणून उत्तरं एकदाची इथे लिहून ठेवली आहेत. सुरुवातीलाच एक सांगतो. 'झोपडीतून राष्ट्रपती भवनात' या एका ओळीत हा माणूस संपवू नका. झोपडी आणि राष्ट्रपती भवन यांच्यामध्ये चाळीस-पन्नास वर्षांचं काम आहे. हे पान मुख्यतः त्या मधल्या वर्षांबद्दल आहे.

नारायणन म्हणजे इन्फोसिसवाले का?

नाही. ते नारायण मूर्ती. हे कोचेरिल रामन नारायणन, भारताचे दहावे राष्ट्रपती (१९९७ ते २००२). त्याआधी ते पत्रकार, परराष्ट्र सेवेतले अधिकारी, थायलंड, तुर्कस्तान आणि चीनमधले राजदूत, जेएनयूचे कुलगुरू, अमेरिकेतले राजदूत, खासदार, केंद्रात राज्यमंत्री आणि उपराष्ट्रपती होते. क्रमही साधारण हाच.

केरळच्या माणसाचं आम्ही खान्देशात कशाला वाचायचं? आपल्याकडे प्रतिभाताई आहेत की.

आहेतच. बोदवड तालुक्यातल्या नाडगावात जन्मलेल्या, जळगावच्या मू. जे. महाविद्यालयात शिकलेल्या प्रतिभाताई पाटील २००७ मध्ये राष्ट्रपती झाल्या, याचा अभिमान बाळगायला कुणाची हरकत नाही. पण त्यांची वाट आमदारकी, मंत्रिपद, खासदारकी, राज्यपालपद अशी होती. ती आपल्याला ओळखीची आहे. नवापूरचे माणिकराव गावित सलग नऊ वेळा नंदुरबारचे खासदार झाले आणि पुढे केंद्रात गृह राज्यमंत्री झाले, तीही त्याच प्रकारची वाट: मतदारसंघ, माणसं, लग्नं-मयती, गावोगावचे दौरे.

नारायणन यांनी वयाची साठी ओलांडेपर्यंत एकही निवडणूक लढवली नव्हती. ते वाचून, लिहून, शिकवून आणि सरकारी नोकरी करून मंत्रिपदापर्यंत गेले. घरात राजकारण नाही, जमीनजुमला नाही, अशा मुलांना ही दुसरी वाट माहीत असायला हवी.

शिवाय लळिंगचा लांडोर बंगला तुम्हाला माहीत असेल. बाबासाहेब १९३७ साली एका खटल्यासाठी धुळ्याला आले तेव्हा तिथे थांबले होते, म्हणून दरवर्षी ३१ जुलैला तिथे भीमस्मृती यात्रा भरते. बाबासाहेबांनी ज्या लंडन स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समधून १९२३ मध्ये डी.एस्सी. घेतली, तिथेच दोन दशकांनंतर नारायणन शिकले. यात्रेला जाणाऱ्या मुलांना हा धागा सांगितला की त्यांचा चेहरा बदलतो, हे मी पाहिलं आहे.

घरची परिस्थिती खरंच एवढी वाईट होती की ही भाषणातली अतिशयोक्ती?

परिस्थिती वाईटच होती. आजच्या कोट्टायम जिल्ह्यातल्या उळवूर गावी गवताने शाकारलेल्या घरात त्यांचा जन्म झाला. सात भावंडांतले ते चौथे. वडील वैद्य होते, जाणकार होते, लोकांत मान होता, पण पैसा नव्हता. त्यात कुटुंब परवन या दलित जातीचं. शाळेसाठी रोजची पायपीट पंधराएक किलोमीटरची, भाताच्या शेतांतून. फी थकली की वर्गाबाहेर उभं राहायचं आणि तिथूनच शिकवणं ऐकायचं. पुस्तकं विकत घेणं परवडत नव्हतं. थोरला भाऊ दम्यामुळे घरीच असायचा. तो इतरांची पुस्तकं मागून आणायचा, हाताने उतरवून काढायचा आणि धाकट्याला द्यायचा.

या गोष्टीत मला सगळ्यात मोठा वाटतो तो हा भाऊ. मुलं मात्र वर्गाबाहेर उभं राहण्याचाच प्रसंग लक्षात ठेवतात.

कोट्टायमच्या सीएमएस कॉलेजात ते त्रावणकोर राजघराण्याच्या शिष्यवृत्तीवर शिकले. नंतर त्रावणकोर विद्यापीठातून इंग्रजी साहित्यात बी.ए. ऑनर्स आणि एम.ए. केलं आणि विद्यापीठात पहिले आले. साल १९४३.

त्यांच्या जन्मतारखा दोन का सापडतात?

कागदोपत्री २७ ऑक्टोबर १९२० आहे. शाळेत नाव घालायला काका घेऊन गेले, त्यांना तारीख ठाऊक नव्हती, त्यांनी अंदाजाने सांगितली आणि तीच कायम झाली. आपल्याकडे १ जूनला जन्मलेली अख्खी पिढी आहे, तेव्हा याचं नवल आपण तरी करू नये. परीक्षेत कागदावरची तारीख लिहा.

इंग्रजीचा एम.ए. माणूस पत्रकार कसा झाला?

दिल्लीला गेले आणि काम शोधलं. १९४४-४५ च्या सुमारास त्यांनी 'द हिंदू' आणि 'टाइम्स ऑफ इंडिया'साठी काम केलं. १० एप्रिल १९४५ रोजी मुंबईत त्यांनी गांधीजींची मुलाखत घेतली, तेव्हा ते पंचविशीच्या आतबाहेर होते. त्याच वर्षी टाटांच्या शिष्यवृत्तीवर ते लंडनला गेले आणि १९४८ पर्यंत हॅरॉल्ड लास्की यांच्या हाताखाली राज्यशास्त्र शिकले.

तिथली पदवी बी.एस्सी. (इकॉनॉमिक्स) आहे. म्हणजे एम.ए.मध्ये पहिला आलेला माणूस परत पदवीच्या वर्गात जाऊन बसला. 'सर, आता पुन्हा पदवी करणं बरं दिसतं का?' असं विचारणाऱ्यांसाठी ही माहिती.

यूपीएससी न देता ते परराष्ट्र सेवेत गेले. मग हा वशिलाच नाही का?

हा प्रश्न दबक्या आवाजात विचारला जातो. मोठ्याने विचारायलाही हरकत नाही.

घडलं ते असं. शिक्षण संपल्यावर लास्कींनी आपणहून त्यांना नेहरूंच्या नावे ओळख करून देणारं पत्र दिलं. नारायणन दिल्लीला आले, त्यांनी पंतप्रधानांची वेळ मागितली, ती मिळाली. संसद भवनात भेट झाली. लंडनबद्दल थोडं बोलणं झालं आणि आता उठायची वेळ झाली हे त्यांच्या लक्षात आलं. निघता निघता त्यांनी लास्कींचं पत्र नेहरूंच्या हातात दिलं आणि ते बाहेर पडले. संसदेच्या त्या गोल व्हरांड्यात अर्ध्यावर गेले असतील, तोच मागून टाळी वाजल्याचा आवाज आला. वळून पाहिलं तर नेहरू परत बोलावत होते. पत्र आधीच का दिलं नाही, असं त्यांनी विचारलं. जाताना दिलं तरी पुरेल असं वाटलं, असं उत्तर नारायणन यांनी दिलं. आणखी काही प्रश्न झाले, पुन्हा भेटायला सांगितलं गेलं आणि १९४९ मध्ये ते परराष्ट्र सेवेत दाखल झाले. ही हकिकत त्यांनी स्वतःच सांगितलेली आहे.

हेच नेहरू १९३६ च्या डिसेंबरात आपल्या फैजपूरला काँग्रेसच्या खेड्यात भरलेल्या पहिल्या अधिवेशनाचे अध्यक्ष होते. तेव्हा नारायणन कुरविलंगाडच्या शाळेत मॅट्रिकला होते.

आता मुद्द्यावर येऊ. पत्राचा उपयोग झाला का? झाला. नाही म्हणणं खोटेपणा होईल. पण आपण ज्याला वशिला म्हणतो त्यात पत्र आधी जातं आणि माणूस नंतर. लास्की हे त्यांचे मामा नव्हते, गुरू होते, आणि लिहून दिलं होतं ते पाहिलेल्या कामावरून. दुसरं असं, की परराष्ट्र सेवा उभारायचा निर्णयच १९४६ चा. स्वतंत्र देशाला वकिलाती उघडायच्या होत्या आणि माणसं नव्हती. १९४८ पासून परीक्षेतून भरती सुरू झाली, तरी त्या पहिल्या वर्षांत अनेकजण थेटही घेतले गेले.

आज तसं काही होत नाही. नागरी सेवा परीक्षा, गुणवत्ता यादीतला क्रमांक, सेवेचा पसंतीक्रम, मसुरीचा पायाभूत अभ्यासक्रम आणि नंतर दिल्लीची सुषमा स्वराज परराष्ट्र सेवा संस्था, हाच रस्ता. कुणी 'साहेबांची ओळख आहे' म्हणून पैसे मागत असेल तर त्याला चहासुद्धा पाजू नका.

परदेशी मुलीशी लग्न केल्याने नोकरी जाणार होती, हे खरं का?

परराष्ट्र सेवेतल्या अधिकाऱ्याला परदेशी व्यक्तीशी लग्न करायला खास परवानगी लागत असे. रंगूनला नेमणूक असताना त्यांची ओळख मा टिंट टिंट यांच्याशी झाली. नेहरूंनी परवानगी दिली आणि ८ जून १९५१ रोजी दिल्लीत लग्न झालं. त्यांनी उषा हे नाव घेतलं. थोरली मुलगी चित्रा पुढे स्वतःही राजदूत झाली.

राजदूत दिवसभर करतो तरी काय? मेजवान्याच ना?

मेजवान्याही असतात, आणि त्या कामाचाच भाग असतात. पण दूतावासाचं मूळ काम म्हणजे त्या देशात काय चाललंय ते समजून घेऊन घरी कळवणं आणि घरचं म्हणणं तिथे नीट पोहोचवणं. त्याखेरीज व्हिसा आहेत, अडकलेले कामगार आहेत, व्यापार आहे. रावेर-यावलची केळी आखातात जातात, तेव्हा तिथला आपला वाणिज्य अधिकारी तुमच्या शेताशी जोडलेला असतो. त्याचं नाव तुम्हाला ठाऊक नसतं, एवढंच.

नारायणन यांनी रंगून, टोकियो, लंडन, कॅनबेरा, हनोई इथे काम केलं. थायलंडमध्ये ते १९६७ ते १९६९, तुर्कस्तानात १९७३ ते १९७५ राजदूत होते. यातली बरीच वर्षं बातमीत न येणारी आहेत. टिपणं लिहायची, माणसं ओळखायची, वाट पाहायची.

मग १९७६ आलं. १९६२ च्या युद्धाच्या आसपास भारत आणि चीनमधले राजदूत पातळीचे संबंध थांबले होते. दोन्ही राजधान्यांत कार्यालयं होती, पण राजदूत नव्हते. सुमारे पंधरा वर्षांनी भारताने पुन्हा राजदूत पाठवायचं ठरवलं आणि त्या जागी नारायणन यांना नेमलं. चीनमध्ये त्याच वर्षी माओंचं निधन झालं. उद्या कोण सत्तेवर असेल हे चिनी माणसालाही सांगता येऊ नये, अशा वेळी ते बीजिंगमध्ये होते. तुटलेली सोयरीक पुन्हा जुळवायला पहिल्यांदा जो जातो, त्याने फार बोलायचं नसतं, हे आपल्याकडच्या जुन्या माणसांना सांगावं लागत नाही. १९७८ मध्ये ते सेवेतून निवृत्त झाले.

माझ्या मते त्यांच्या राजनैतिक कारकिर्दीतला सर्वात वजनदार कालखंड हाच. वॉशिंग्टनची चर्चा जास्त होते, पण ते पद निवृत्तीनंतरचं. इंदिरा गांधींच्या सरकारने १९८० मध्ये त्यांना अमेरिकेत राजदूत म्हणून पाठवलं आणि ते १९८४ पर्यंत तिथे होते. १९८२ चा इंदिरा गांधींचा अमेरिका दौरा त्यांच्याच काळातला. आपल्या पालघरकडच्या तारापूर अणुवीज केंद्राच्या इंधनाचा घोळ तेव्हा सुटला: अमेरिकेऐवजी फ्रान्सने इंधन द्यावं, असा तोडगा निघाला.

त्यांना 'प्राध्यापक' म्हणावं का? पीएच.डी. होती का?

आयुष्यभर विद्यापीठात नोकरी केली या अर्थाने प्राध्यापक नव्हते, आणि त्यांच्या शिक्षणात संशोधनाची पीएच.डी. नाही. पुढे मानद पदव्या बऱ्याच मिळाल्या. पण नोकरीच्या मधूनमधून ते शिकवण्याकडे आणि अभ्यासाकडे वळत राहिले. १९५४ मध्ये दिल्ली स्कूल ऑफ इकॉनॉमिक्समध्ये शिकवलं. १९७० ते ७२ जवाहरलाल नेहरू फेलो होते. आणि जानेवारी १९७९ ते ऑक्टोबर १९८० जेएनयूचे कुलगुरू.

कुलगुरूपद दोन वर्षांचंही नाही. तरी त्याला कमी लेखू नये. आणीबाणीनंतरचं जेएनयू, संघटनांत वाटलेले विद्यार्थी, रोजची निदर्शनं. राजदूताला समोरचा माणूस निदान शिष्टाचाराने बोलतो. विद्यार्थी तसं बोलत नाहीत. आपल्या सार्वजनिक आयुष्याचा पाया या अनुभवाने घातला, असं ते नंतर सांगत.

मग राजकारणात कसे आले?

इंदिरा गांधींच्या सांगण्यावरून. केरळमधला ओट्टपालम हा तेव्हा अनुसूचित जातींसाठी राखीव मतदारसंघ. १९८४ च्या शेवटी तिथून ते काँग्रेसतर्फे लोकसभेवर निवडून आले. तोवर इंदिराजींची हत्या झाली होती. पुढे १९८९ आणि १९९१ अशा आणखी दोन निवडणुका त्यांनी तिथूनच जिंकल्या. पहिल्या विजयात सहानुभूतीची लाट होती असं म्हणता येईल. १९८९ मध्ये देशात काँग्रेसची सत्ता गेली तरी ते निवडून आले, त्याचं काय म्हणाल?

मंत्री म्हणून त्यांनी केलं काय?

ते राज्यमंत्री होते, कॅबिनेट मंत्री नव्हते. हे मुलाखतीत चुकवू नका. राजीव गांधींच्या मंत्रिमंडळात आधी नियोजन, १९८५ मध्ये परराष्ट्र व्यवहार आणि १९८६ ते ८९ विज्ञान व तंत्रज्ञान अशी खाती त्यांनी सांभाळली.

इथे फुगवून लिहायचा मोह होतो. त्यांच्या नावावर एखादी गाजलेली योजना नाही, तिच्या नावाची पाटी कुठल्या तालुक्यात दिसत नाही. परराष्ट्र खात्यात तर धोरणाची सूत्रं पंतप्रधानांच्या हाती होती आणि राज्यमंत्र्याला मोकळीक बेताचीच.

पण विज्ञान खात्यात असताना पेटंटच्या प्रश्नावर बाहेरून येणाऱ्या दबावाला त्यांनी विरोध केला, आणि ही गोष्ट नीट समजून घेण्यासारखी आहे. आपला १९७० चा पेटंट कायदा औषधाच्या पदार्थावर पेटंट देत नव्हता, फक्त ते बनवण्याच्या पद्धतीवर देत होता. म्हणजे तेच औषध दुसऱ्या पद्धतीने बनवायला भारतीय कंपन्या मोकळ्या होत्या, आणि त्यामुळे औषधं स्वस्त होती. श्रीमंत देशांना हे खुपत होतं. १९८६ मध्ये जागतिक व्यापाराच्या उरुग्वे फेरीच्या वाटाघाटी सुरू झाल्या आणि त्यात बौद्धिक संपदेचा विषय आला. अखेर भारताला कायदा बदलावा लागला, पदार्थावरचं पेटंट २००५ पासून आलं. मधल्या वर्षांत आपला औषध उद्योग उभा राहिला. याचं श्रेय एका राज्यमंत्र्याचं नाही. पण त्या काळात त्या खुर्चीवर वाटाघाटींची भाषा समजणारा माणूस होता, हे बरंच झालं.

१९९१ मध्ये काँग्रेसचं सरकार परत आलं, तेव्हा ते मंत्री का नव्हते?

त्यांना घेतलं नाही. पुढच्याच वर्षी, ऑगस्ट १९९२ मध्ये, ते उपराष्ट्रपती झाले. त्यांचं नाव आधी पुढे केलं ते विरोधी बाकांवरच्या व्ही. पी. सिंह यांनी.

राष्ट्रपतिपदावर राजदूताच्या सवयी दिसल्या का?

दिसल्या. १९९७ मध्ये सुमारे ९५ टक्के मतं घेऊन ते निवडून आले. समोर टी. एन. शेषन होते, त्यांना शिवसेनेचा पाठिंबा होता. त्याच ऑक्टोबरात गुजराल सरकारने उत्तर प्रदेशात राष्ट्रपती राजवटीची शिफारस केली, ती त्यांनी फेरविचारासाठी परत पाठवली. सरकारने माघार घेतली. १९९८ मध्ये वाजपेयी सरकारची बिहारबाबतची शिफारसही परत गेली. पुढच्या वर्षी मंत्रिमंडळाने ती पुन्हा पाठवली तेव्हा त्यांनी सही केली, कारण घटनेच्या अनुच्छेद ७४ प्रमाणे दुसऱ्यांदा आलेला सल्ला बंधनकारक असतो. मर्यादा कुठे आहे ते ओळखायचं, आणि तिच्या आत जेवढं करता येतं तेवढं पूर्ण करायचं. वेगवेगळ्या पक्षांच्या दोन सरकारांना त्यांनी एकच माप लावलं, हे मला विशेष वाटतं.

१९९८ च्या निवडणुकीत त्यांनी रांगेत उभं राहून मतदान केलं. पदावरच्या राष्ट्रपतीने सार्वत्रिक निवडणुकीत मत देण्याची ती पहिली वेळ.

आजही परराष्ट्र सेवेतून मंत्री होता येतं का?

येतं. एस. जयशंकर यांचं उदाहरण समोर आहे: जेएनयूची पीएच.डी., १९७७ ची परराष्ट्र सेवा, परराष्ट्र सचिव, आणि मे २०१९ मध्ये थेट परराष्ट्र मंत्री. शपथ घेतली तेव्हा ते खासदार नव्हते. जुलैमध्ये गुजरातमधून राज्यसभेवर गेले. अनुच्छेद ७५ प्रमाणे मंत्र्याला सहा महिन्यांत संसदेचं सदस्य व्हावं लागतं. नटवर सिंह आणि हरदीपसिंह पुरी हेही याच सेवेतले. मात्र नोकरीत असताना निवडणूक लढवता येत नाही. आधी राजीनामा किंवा निवृत्ती.

नारायणन आणि जयशंकर यांच्यात फरक आहे तो असा, की नारायणन तीनदा लोकसभेला उभे राहिले. प्रचाराच्या उन्हात फिरलेला राजदूत आणि थेट राज्यसभेत गेलेला राजदूत यांत कोण श्रेष्ठ, यावर अभ्यासिकेबाहेरच्या टपरीवर तासभर वाद घालता येतो. घाला.

'आपला गावना पोऱ्या राजदूत व्हई सकस का?' मराठी माध्यम आड येतं का?

मुख्य परीक्षा मराठीत लिहिता येते, मुलाखतही मराठीत देता येते. वयोमर्यादा खुल्या गटाला ३२, ओबीसींना ३५, अनुसूचित जाती-जमातींना ३७. साक्री तालुक्यातल्या सामोड्याच्या भिल्ल कुटुंबातले डॉ. राजेंद्र भारूड भारतीय प्रशासकीय सेवेत गेले आणि नंदुरबारचेच जिल्हाधिकारी झाले. परराष्ट्र सेवेत निवड झाल्यावर एक परदेशी भाषा शिकावीच लागते. घरी अहिराणी, शाळेत मराठी, बाजारात हिंदी आणि पुस्तकात इंग्रजी अशी ज्याची सवय आहे, त्याला पाचवी भाषा इतरांइतकी जड जाऊ नये.

मुलाखतीत नारायणन यांच्याबद्दल विचारलं तर काय सांगावं?

झोपडीची गोष्ट सांगू नका. ती मंडळाने शंभरदा ऐकली आहे. बीजिंगचं सांगा, पेटंटचं सांगा, परत पाठवलेल्या दोन शिफारशींचं सांगा, आणि सोबत वर्षं बरोबर सांगा. पुढचा प्रश्न बहुधा अनुच्छेद ३५६ वर, म्हणजे राष्ट्रपती राजवटीवर येईल, त्याची तयारी आधी करून ठेवा.

वाचायला काय घ्यावं?

त्यांची भाषणं इंटरनेटवर सापडतात. २७ जानेवारी २००० चं भाषण आधी वाचा. प्रजासत्ताकाला पन्नास वर्षं झाली होती, सरकार राज्यघटनेच्या आढाव्यासाठी आयोग नेमायच्या बेतात होतं, आणि संसदेच्या मध्यवर्ती सभागृहात सरकारसमोरच त्यांनी विचारलं की घटनेने आपल्याला निराश केलं, की आपणच घटनेला? इंग्रजी सोपं आहे. मोठ्याने वाचलंत तर वाक्यं कशी बांधली आहेत तेही कळेल, आणि निबंधाच्या पेपरला ते उपयोगी पडेल.